वाचकांचे प्रश्न : बाळाचा बाप्तिस्मा करावा की थांबावं?

मागच्या अंकात एका उत्तरात मी सहज लिहून गेले की "बाप्तिस्मा (पाण्याने ख्रिस्ती मंडळीत, म्हणजे चर्चमध्ये, घेण्याचा विधी) म्हणजे बारसं नाही", आणि त्यावर इतकी पत्रं आणि मेसेज आले की या वेळी सगळी जागा याच विषयाला देतेय. काहींनी रागावून लिहिलंय, काहींनी रडून. सगळी घेता येणार नाहीत, चार घेतलीयेत, नावं देत नाही.

प्रश्न : ताई, सप्रेम सलाम. माझं माहेर नगरकडचं, पणजोबांपासून मिशनच्या मंडळीतलं, आम्ही सगळी भावंडं पाळण्यात असतानाच बाप्तिस्मा झालेली. सासरचे पुण्याचे, ते ज्या चर्चला जातात तिथे फक्त समज आलेल्या माणसालाच पाण्यात बाप्तिस्मा देतात. बाळ पाच महिन्यांचं झालं. सासरे म्हणतात त्याचं अर्पण करू, म्हणजे पाणी न घालता प्रार्थनेने देवाच्या हाती सोपवू, मोठा होऊन तो स्वतः ठरवेल. माझे वडील आजारी असतात, ते म्हणतात माझे डोळे मिटायच्या आत नातवाच्या डोक्यावर पाणी बघायचंय. नवरा दोघांच्या मध्ये अडकलाय. बायबलप्रमाणे बरोबर कोण? – एक आई, पिंपरी

उत्तर : सलाम गं पोरी. तुझ्या घरात जो वाद चाललाय तो आपल्या मराठी मंडळीच्या जन्माच्याही आधीचा आहे, आणि हे मी उगाच म्हणत नाही. १८१२ साली अमेरिकेतून पाच तरुण मिशनरी जहाजाने कलकत्त्याला यायला निघाले, पाचही जण बाळांना बाप्तिस्मा देणाऱ्या मंडळीतले, फेब्रुवारीत सेलम गावी एकाच दिवशी पाचांना दीक्षा मिळालेली. त्यातला अडोनिराम जडसन जहाजावर बसून विचार करायला लागला की कलकत्त्याजवळ श्रीरामपूरला इंग्लिश मिशनरी विल्यम केरीची बॅप्टिस्ट, म्हणजे फक्त समज आलेल्यांनाच बाप्तिस्मा देणारी, माणसं भेटणार, ती विचारणार की बाळांना बाप्तिस्मा का देता, तर उत्तर तयार ठेवायला हवं. म्हणून तो त्या चार महिन्यांच्या प्रवासात शास्त्र उलटंपालटं करत बसला, आणि झालं काय की स्वतःची बाजू शोधता शोधता त्याला दुसरी बाजूच पटली. त्या सप्टेंबरात कलकत्त्यात तो आणि त्याची बायको अ‍ॅन दोघांनी बुडून बाप्तिस्मा घेतला, दोन महिन्यांनी ल्यूथर राइसनेही घेतला. राहिलेले तिघं, गॉर्डन हॉल, सॅम्युएल नॉट आणि सॅम्युएल न्यूएल, जुन्या मतावरच राहिले. हॉल आणि नॉट ११ फेब्रुवारी १८१३ ला मुंबईत उतरले, न्यूएल मागून आला, आणि त्यातूनच आपलं अमेरिकन मराठी मिशन उभं राहिलं, जे पुढे १८३१ मध्ये नगरला पोचलं. म्हणजे तुझ्या पणजोबांच्या डोक्यावर पाणी पडलं ते या तिघांच्या मताच्या मंडळीत. जडसन ब्रह्मदेशात गेला आणि तिथे आयुष्य वेचलं. हॉल १८२६ मध्ये गावोगाव फिरताना पटकीने गेला. आता यातला देवाचा कोण आणि चुकलेला कोण, हे मला तरी सांगता येणार नाही, आणि तुझ्या सासऱ्यांना आणि वडलांनाही ही गोष्ट वाचून दाखव.

आता शास्त्राचं. सासऱ्यांची बाजू आधी घेते कारण ती सरळ आहे. नव्या करारात जिथे जिथे नाव घेऊन बाप्तिस्मा झालाय तिथे माणूस आधी ऐकतो, मानतो, मग पाण्यात उतरतो. पेन्टेकॉस्टच्या दिवशी पेत्र म्हणतो पश्चात्ताप करा आणि बाप्तिस्मा घ्या. तो कूशी (इथिओपियाचा) अधिकारी रथात बसून यशया वाचतो, फिलिप्पाला विचारतो, मग रस्त्यात पाणी दिसल्यावर स्वतःच म्हणतो की आता मला बाप्तिस्मा घ्यायला काय अडचण आहे. रोमकरांसच्या ६ व्या अध्यायात पौल बाप्तिस्म्याला ख्रिस्ताबरोबर पुरलं जाणं म्हणतो, आणि पाच महिन्यांचं बाळ असं जाणूनबुजून मरून उठू शकत नाही, हे तुझे सासरे म्हणत असतील तर त्यांचं खोटं नाही. अमक्या बाळाला बाप्तिस्मा दिला असं स्पष्ट वाक्य नव्या करारात कुठेही नाही. आपल्या, म्हणजे बाळांना बाप्तिस्मा देणाऱ्या, बाजूच्या लोकांनी हे आधी मोकळेपणाने मान्य करायला पाहिजे, मी तीस वर्षं संडे स्कूल घेतलं, मला स्वतःला हे मान्य करायला बराच वेळ लागला.

पण वडलांची बाजूही कमकुवत नाही. त्याच पेत्राचं पुढचं वाक्य आहे की हे वचन तुम्हाला आणि तुमच्या मुलाबाळांना आहे. फिलिप्पैत लुदियाचा बाप्तिस्मा झाला तो तिच्या घराण्यासकट, तुरुंगाच्या नायकाचा झाला तो मध्यरात्री सगळ्या घरच्यांसकट, स्तेफनाच्या घरच्यांचा पौलाने केला. घरात लेकरं होती की नव्हती ते लिहिलेलं नाही, पण त्या काळात देव घराला हाक मारायचा, एकेकट्या माणसाला सुटं काढून नाही. शिवाय यहुदी बाळाची आठव्या दिवशी सुंता व्हायची, त्या बाळाला कोणी विचारत नव्हतं, आणि कलस्सैकरांसच्या २ ऱ्या अध्यायात पौल सुंता आणि बाप्तिस्मा एकाच दमात बोलतो. आधीच्या करारात लेकरं आत होती आणि नव्या, मोठ्या करारात ती दाराबाहेर उभी राहणार, हे पहिल्या यहुदी ख्रिस्ती आईला पटलं असतं का? मला नाही वाटत.

इतिहासात बघितलं तरी दोन्ही सापडतं. साधारण २०० सालच्या सुमाराला उत्तर आफ्रिकेतल्या कार्थेजचा ख्रिस्ती लेखक टर्टुलियन लिहितो की लहान मुलांना घाईने बाप्तिस्मा कशाला देता, थांबा जरा. म्हणजे त्याला पटत नव्हतं, पण लोक देत होते हेही त्यातूनच कळतं. पुढे पन्नासेक वर्षांनी त्याच कार्थेजात सिप्रियन आणि त्याचे सोबतचे बिशप म्हणतात आठव्या दिवसापर्यंतसुद्धा थांबू नका. आणि ऑगस्टिन, ज्याच्या शिकवणीवर पुढे बालबाप्तिस्म्याचा एवढा डोलारा उभा राहिला, त्याची आई मोनिका इतकी भाविक असूनही त्याचा स्वतःचा बाप्तिस्मा झाला तो थेट ३८७ साली, तिशी उलटल्यावर.

आणि एक गोष्ट आपल्याच लोकांना माहीत नसते. २९ नोव्हेंबर १९७० ला नागपूरला सहा मंडळ्या एकत्र येऊन उत्तर भारतीय मंडळी, म्हणजे आपली सीएनआय, झाली, त्यात अँग्लिकन होते, बाळांना बाप्तिस्मा देणारे बाकीचे होते, आणि बॅप्टिस्ट, ब्रदरन, डिसायपल्स असे फक्त विश्वासणाऱ्यांना बाप्तिस्मा देणारेही होते. त्यांनी किती वर्षं यावर डोकं घातलं, आणि शेवटी घटनेतच लिहिलं की दोन्ही पद्धती चालतील, आईबापांनी निवडावं. बाळाचा बाप्तिस्मा केला तर पुढे त्याने मोठेपणी मंडळीसमोर स्वतःच्या तोंडाने कबुली द्यायची, आणि थांबलात तर बाळासाठी उपकारस्तुती आणि अर्पण करायचं. म्हणजे तुझ्या घरात आता जी दोन टोकं आहेत ती एकाच मंडळीत, एकाच छताखाली पन्नास वर्षांहून जास्त राहतायत. हे सोपं नाहीये पण चाललंय.

तू विचारलंस बरोबर कोण, तर मी माझं सांगते, मी माझ्या दोन्ही लेकरांचा पाळण्यात केला आणि पुन्हा वेळ आली तरी करीन. बाळाला समजत नाही म्हणून आपण त्याच्याशी मराठीत बोलायचं थांबत नाही, उलट आपण बोलत राहतो म्हणूनच त्याला एक दिवस समजायला लागतं. देवानेही आधी बोलावं आणि आपण मागून उत्तर द्यावं, बाळाच्या डोक्यावरच्या पाण्यात मला हे दिसतं.

पण आता जे लिहितेय ते मला लिहायला जड जातंय. आमच्या मंडळीचं बाप्तिस्म्याचं रजिस्टर काही वर्षं माझ्याकडे नीट उतरवून काढायला होतं. जुनं, जाड पुठ्ठ्याचं, आत शाई तपकिरी पडलेली, रकाने असे की नाव, आईबापाचं नाव, जन्मतारीख, बाप्तिस्म्याची तारीख, पाळकांची सही, आणि सगळ्यात शेवटी शेरा. त्या शेऱ्याच्या रकान्यात, पुढे त्या लेकराने दृढीकरण घेतलं, म्हणजे मोठेपणी मंडळीसमोर ती कबुली दिली, की त्याची तारीख लिहायची असते. पानंच्या पानं तो रकाना कोरा आहे गं. बाप्तिस्मा झालाय, फोटो झालेत, बिर्याणी झालीय, आणि पुढे त्या लेकराला कोणी विचारलंच नाही. बाळाच्या बाप्तिस्म्यात पाळक सगळ्या मंडळीला उभं करून विचारतात की या लेकराला प्रभूच्या शिकवणीत वाढवायला तुम्ही मदत कराल का, आणि आपण सगळे मोठ्याने हो म्हणतो. मीही म्हटलंय, किती वेळा म्हटलंय. त्या कोऱ्या रकान्यातली काही नावं माझ्याच वर्गातल्या मुलांची होती, चार-पाच वर्षं आली आणि एका रविवारी यायची बंद झाली, आणि मी त्यांच्या घरी गेले नाही. सासऱ्यांसारखी माणसं जेव्हा म्हणतात की बाळाच्या बाप्तिस्म्याला अर्थ नाही, तेव्हा शास्त्र त्यांना जितकं पटवत नसेल तितकं आमचं ते रजिस्टर पटवतं.

तर बाप्तिस्मा करणार असाल तर वडलांच्या आजारपणासाठी म्हणून करू नका, त्यांचा जीव त्यात आहे हे मला कळतं, पण त्या पाण्यापुढे शब्द देणारे तुम्ही दोघं आहात, आजोबा नाहीत. नवऱ्याला मनापासून हो म्हणता येत नसेल तर थांब, आणि थांबणार असाल तर ते थांबणं रिकामं नको, दर रात्री लेकरासोबत प्रार्थना, घरात बायबल, आणि सासऱ्यांनी म्हटलेलं अर्पण तुझ्या माहेरच्या मंडळीसमोर करा, वडलांच्या मांडीवर बाळ असू दे त्या दिवशी. तुझ्या माहेरच्या पाळकांशी मोकळं बोल, त्यांना हा प्रश्न नवा नाही. चोरून मात्र काही करू नकोस. माहेरी गेल्यावर गुपचूप पाणी घालून आणायचं, हे मी एका घरात बघितलंय आणि तिथली जखम अजून भरलेली नाही.

आणि पंडिता रमाबाई आठव. २९ सप्टेंबर १८८३ ला इंग्लंडात वाँटेजला त्यांचा बाप्तिस्मा झाला, आणि त्याच दिवशी अडीच वर्षांच्या मनोरमेचाही. आईने संस्कृत कोळून प्यायलेलं, सगळे धर्म तपासून, वाद घालून पाऊल टाकलेलं, आणि लेक आईचं बोट धरून आलेली. एकाच दिवशी, एकाच देवळात, दोन्ही तऱ्हा.

प्रश्न : ताई, मी २४ वर्षांचा, नाशिकला जॉब करतो. गेली दोन वर्षं एका नव्या फेलोशिपमध्ये जातोय आणि खरं सांगतो तिथेच मला प्रभू खरा भेटला, त्याआधी मी फक्त नावाचा ख्रिस्ती होतो. आता ते म्हणतात तुझा लहानपणीचा बाप्तिस्मा धरायचा नाही, पाण्यात उतरल्याशिवाय आज्ञापालन पूर्ण होत नाही. आईला सांगितलं तर तिने आठ दिवस बोलणं टाकलं. काय करू? – एक मुलगा, नाशिक

उत्तर : बाळा, तुला प्रभू भेटला याचा मला आनंद आहे, आणि तो तुला तिथे भेटला म्हणून त्या फेलोशिपला मी नावं ठेवणार नाही.

तू ज्या दारात उभा आहेस तिथे माणसांनी जीव दिलेत हे माहीत असू दे. २१ जानेवारी १५२५ ला झुरिचमध्ये फेलिक्स मान्त्सच्या घरी काही जण जमले आणि कॉनराड ग्रेबेलने जॉर्ज ब्लाउरॉकला बाप्तिस्मा दिला, सगळे आधी पाळण्यात बाप्तिस्मा झालेले. लोकांनी त्यांना पुन्हा बाप्तिस्मा घेणारे असं नाव पाडलं, ते म्हणायचे पुन्हा कसला, पहिला झालाच नव्हता. दोन वर्षांनी, ५ जानेवारी १५२७ ला, झुरिचच्या नगरसभेने मान्त्सला लिमाट नदीत बुडवून मारलं. तुला पाण्याची एवढी आवड ना, घे पाणी, असा तो न्याय, आणि तो करणारेही प्रोटेस्टंट ख्रिस्तीच होते. म्हणून मोठेपणच्या बाप्तिस्म्याचा आग्रह धरणाऱ्यांना हलकं लेखू नये असं मला मनापासून वाटतं, त्यांच्या विश्वासाची किंमत त्यांनी मोजलीय.

तरी तुझ्या जागी मी असते तर दुसऱ्यांदा घेतला नसता. इफिसकरांस पत्रात पौल म्हणतो एकच प्रभू, एकच विश्वास, एकच बाप्तिस्मा. १९८२ मध्ये पेरूमध्ये लिमा शहरी जगभरातल्या मंडळ्यांच्या लोकांनी बसून जे लिहिलं त्यातही हेच आहे की बाप्तिस्मा पुन्हा करायची गोष्ट नाही. आणि माझं स्वतःचं म्हणणं असं की तू दोन वर्षांपूर्वी प्रभूला हो म्हणालास ते काय हवेतून आलं? ज्या दिवशी तुझ्या आईने तुला कडेवर घेऊन उभं राहून शब्द दिला, त्या दिवशी पेरलेलं आता उगवलं असं म्हणायला तुला काय अडचण आहे? बी पेरलेलं तुला आठवत नाही म्हणून ते पेरलंच नव्हतं असं होत नाही. दृढीकरण झालं नसेल तर ते घे, झालं असेल तर पाळकांना सांग की मला मंडळीसमोर उभं राहून साक्ष द्यायचीय. आणि त्यांनी टाळाटाळ केली तर पुन्हा सांग, कारण तुझ्यासारखा मुलगा येऊन असं मागतोय ही त्यांच्यासाठी केवढी मोठी गोष्ट आहे.

पण हे सगळं वाचूनही तुझं मन म्हणत असेल की नाही, मला उतरायलाच हवं, तर मनाविरुद्ध वागायला मी तुला सांगणार नाही. माझ्या भाचीने असाच बाप्तिस्मा घेतला, मी आणि बहीण दोघी नदीवर गेलो होतो, बहीण आदल्या दिवसापर्यंत येत नव्हती. ती पोरगी पाण्यातून वर आली तेव्हा ओढणी चेहऱ्याला चिकटलेली, धापा टाकत होती, आणि काही न बोलता सरळ चालत आईकडे आली आणि ओलीच गळ्यात पडली. बहिणीच्या हातात टॉवेल होता तो तसाच राहिला. मला ते पटलेलं नव्हतं आणि अजूनही पटलेलं नाही, पण त्या पोरीच्या चेहऱ्यावर जे होतं ते खोटं म्हणायची माझी छाती नाही.

तेव्हा आईला आधी सांग, घरी जाऊन, समोर बसून. तिला हे कोणाच्या स्टेटसवरच्या फोटोतून कळता कामा नये. आणि तिला "तू केलंस ते काहीच नव्हतं" हे वाक्य कधीही बोलू नकोस. बोलला असशील तर माफी माग. तिला त्या बोलण्यातून असं ऐकू येतं की मी तुझी आई म्हणून केलेली पहिली प्रार्थनाच फुकट गेली.

प्रश्न : माझं पहिलं बाळ तीन दिवसांचं असताना गेलं, आयसीयूमध्ये होतं, फादरना बोलवायला वेळच मिळाला नाही. सासूबाई अजून म्हणतात बाप्तिस्मा नाही झाला, कुठे गेलं असेल कोण जाणे. सात वर्षं झाली. – वसई

उत्तर : ताई, तुमचं पत्र मी वाचलं आणि खूप वेळ बाजूला ठेवून दिलं, लगेच उत्तर सुचलं नाही.

सासूबाई जे म्हणतायत ते त्यांच्या लहानपणी ऐकलेलं असणार, की बाप्तिस्म्याशिवाय गेलेली बाळं लिम्बोत, म्हणजे मधल्याच कुठल्यातरी जागी, राहतात. हा कॅथलिक चर्चचा ठाम सिद्धांत कधीच नव्हता, धर्मपंडितांनी मांडलेला विचार होता. २००७ मध्ये पोप बेनेडिक्ट सोळावे यांच्या संमतीने रोमच्या धर्मपंडितांच्या समितीने एक मोठा निबंध काढला, त्यात म्हटलंय की अशा बाळांचं तारण होतं अशी आशा धरायला भक्कम कारणं आहेत. कॅथलिक धर्मशिक्षणाच्या पुस्तकातही या बाळांना देवाच्या दयेवर सोपवलंय, आणि तिथे येशूचे शब्द दिलेत, बाळकांना माझ्याकडे येऊ द्या, त्यांना मनाई करू नका. तुमच्या फादरना सांगा की हे सासूबाईंना घरी येऊन समजावून सांगा, तुमच्यापेक्षा त्यांचं ऐकतील.

आणि दाविदाचं बाळ आठवा. ते सातव्या दिवशी गेलं असं शास्त्रात आहे, म्हणजे आठव्या दिवसाची सुंता झालेली नसणार असं बरेच जण वाचतात. आणि दावीद उठून अंघोळ करून म्हणतो, मी त्याच्याकडे जाईन, ते माझ्याकडे परत येणार नाही. कुठे गेलं असेल कोण जाणे, असं तो म्हणत नाही.

बाळाला घरात नाव ठेवलं होतं का? ठेवलं असेल तर त्या नावाने मिस्सा अर्पण करता येतो. नसेल ठेवलं तर अजूनही ठेवा.

एक कामाची गोष्ट इथेच सांगते, हॉस्पिटलात काम करणाऱ्यांना तर माहीत हवीच. कॅथलिक नियमाप्रमाणे जीव धोक्यात असेल तर कोणीही, नर्ससुद्धा, बाप्तिस्मा देऊ शकते, पाणी डोक्यावर ओतत पिता, पुत्र आणि पवित्र आत्म्याच्या नावाने. हे मी तुमच्या मनाला टोचायला सांगत नाही, तुमची काहीच चूक नव्हती, दुसऱ्या एखाद्या आईच्या उपयोगी पडावं म्हणून लिहितेय.

प्रश्न : डिसेंबरात मुलीचा बाप्तिस्मा आहे. महाबळेश्वरला थंडी असते. पाणी कोमट केलं तर चालतं का? की तसं करणं म्हणजे अविश्वास? – एक बाबा

उत्तर : चालतं, बिनधास्त करा. पहिल्या मंडळीच्या काळातली डिडाखे नावाची एक छोटी पुस्तिका आहे, त्यात लिहिलंय की वाहत्या पाण्यात बाप्तिस्मा द्या, ते नसेल तर दुसऱ्या पाण्यात, थंड जमत नसेल तर कोमट घ्या, आणि दोन्हीही पुरेसं नसेल तर डोक्यावर तीन वेळा ओता. म्हणजे हा प्रश्न तुमच्या आधी कोणीतरी अठराशे-एकोणीसशे वर्षांपूर्वी विचारलेला असणार. केरीने २८ डिसेंबर १८०० ला कृष्ण पाल सुताराला आणि स्वतःच्या मुलाला, फेलिक्सला, हुगळी नदीत बाप्तिस्मा दिला तो थंडीतच, पण ते दोघं धडधाकट होते. तुमची लेक लहान आहे. पाणी घरून थर्मासमध्ये न्या, पाळकांना आदल्या दिवशी सांगून ठेवा, पात्रात ओतल्यावर आपलं कोपर बुडवून बघा, आणि टोपडं मात्र पाणी पडायच्या आधी काढा, ओलं झालं की पोर सगळी उपासना रडत राहील.